नववी रेघ

खूणवाल्याबद्दल स्टोअरवाल्याला खरं म्हणजे फारच थोडं माहीत होतं. ओळख एकोणीस वर्षांची, पण ती सगळी गोळा करून एकापुढे एक मांडली असती तर दोन-तीन दिवसांच्या वर भरली नसती. खूणवाला वर्षातून दोनदा हॉस्पिटलात यायचा. स्टोअरच्या खिडकीतून रंगाचा डबा, ब्रश आणि शिडी घ्यायचा, काम झालं की परत आणून द्यायचा. तो चहात साखर घेतो की नाही, लहानपणी त्याला कोण व्हायचं होतं, हसताना तोंडावर हात का ठेवतो, यातलं काहीएक स्टोअरवाल्याला सांगता आलं नसतं. आपण कधी विचारलंच नाही हे त्याच्या लक्षात आलं, तेव्हा विचारायला माणूस उरला नव्हता. तेव्हा इथे जे आहे ते तुटक आहे. कुठे चुकलंही असेल.

खूणवाल्याचं काम भिंतीवर खुणा काढायचं. शाळेच्या वर्गात लक्षाची खूण असते, वसतिगृहात झोपेची असते, तशी हॉस्पिटलात धीराची. ऑपरेशन थिएटरबाहेरच्या लांब व्हरांड्यात, नातेवाइकांच्या बाकांसमोर, मधे कोणी उभं राहिलं तरी बसलेल्याला दिसेल इतकी उंच ती होती. आकार टोपलीच्या तोंडाएवढा, रंग राखाडी-निळा, रेघा नऊ. पहिल्या आठ म्हणजे नुसत्या रेघा. त्यांच्याकडे दिवसभर बघत बसलं तरी काही व्हायचं नाही. नववी ओढली की खूण लागायची. मग समोर बसलेल्याच्या घशाची कोरड कमी व्हायची, मुठी आपोआप सुटायच्या, आणि डॉक्टर बाहेर येऊन काय सांगतील ते ऐकून घ्यायला माणूस तयार व्हायचा. तिथून उठून गेलं की पंधरा-वीस मिनिटांत असर उतरायचा आणि ज्याची धास्ती त्याला परत मिळायची. सहा महिन्यांत रंग फिका पडला की खूण पुन्हा काढायची.

या धंद्याचे नियम दोनच. पहिला म्हणजे नववी रेघ मान वळवून ओढायची. लागलेली खूण बघणाऱ्याचं काही बिघडत नाही, पण ती लागताना जो बघतो त्याच्यात ती थोडी कायमची उतरते, आणि उतरलेली परत काढता येत नाही. दुसरा म्हणजे काढणाऱ्यानं आपली खूण आपण तपासायची नाही; रंग ओला असतानाच दुसऱ्या कोणीतरी समोर उभं राहून सांगायचं, लागली की नाही.

हे दुसरं काम स्टोअरवाल्याच्या गळ्यात मेट्रनबाईंनी घातलं. हॉस्पिटलात त्याला सगळे धाकधूक म्हणत. स्टोअरचं कुलूप लावून तो जिन्यापर्यंत जायचा आणि परत येऊन ओढून बघायचा. घरून फोन आला की उचलायच्या आधीच त्याचा चेहरा उतरायचा. "ह्याच्यावर लागली तर मुडद्यावरही लागेल," मेट्रनबाई म्हणाल्या होत्या, आणि व्हरांडाभर हशा पिकला होता. स्टोअरवालाही हसला, कारण न हसण्याची त्याला भीती वाटली.

तर वर्षातून दोनदा तो खुणेसमोर उभा राहायचा. छातीतली धडधड पाणी उतरावं तशी उतरायची.

"लागली?" खूणवाला विचारायचा.

"लागली."

एवढंच बोलणं. खोटं कशाला, त्या दोन दिवसांची स्टोअरवाला वाट बघायचा.

पहिल्याच वर्षी एक गोष्ट झाली. खूणवाल्यानं नियमाप्रमाणे मान वळवून नववी रेघ ओढली, आणि ती वाकडी आली. वाकड्या खुणेनंही धीर येतो, पण त्याबरोबर एक जडपणा येतो. त्या आठवड्यात व्हरांड्यातली माणसं तोंड उघडं टाकून बसून होती. एक गृहस्थ तर बायको आत असताना उठून घरी निघून गेले. कशाला आलो होतो तेच त्यांना सुचेना. मेट्रनबाईंनी खूणवाल्याला सगळ्यांदेखत विचारलं, "ही खूण आहे का कोंबडीनं पाय ओढलाय?"

 पुढच्या वेळी खूणवाल्यानं मान वळवली नाही. स्टोअरवाला दाराशी पाठ करून उभा होता. मान वळवताना शिडी करकरते, तो आवाज झाला नाही म्हणून त्यानं डोळ्याच्या कोपऱ्यातून पाहिलं, तर खूण खांद्याआड झाकलेली होती, आणि खूणवाला भिंतीकडे तोंड करून, डोळे उघडे ठेवून, एका दमात रेघ ओढत होता. रेघ अशी सरळ आली की पट्टी लावून घ्यावी.

"बघून ओढलेल्या रेघेची गोष्टच वेगळी," खूणवाला खाली उतरून म्हणाला. तोंडावर हात ठेवून हसलाही.

हे वर कळवायला हवं होतं. स्टोअरवाल्यानं कळवलं नाही. कळवलं तर आपल्यालाच चार प्रश्न विचारतील, अशी त्याला धास्ती वाटली. आणि खूणवाला काही एकट्या हॉस्पिटलात जात नव्हता. कोर्टाचे व्हरांडे, दातांचे दवाखाने, परीक्षेची सभागृहं, गावातल्या सगळ्या धीराच्या खुणा त्याच्याच हातच्या, आणि सगळ्या सरळ.

खूणवाल्याची बायको गेली ती ओळखीच्या अकराव्या वर्षी. न्हाणीघरात पाय घसरून पडली, डोक्याला मार लागला. वर रक्त फारसं नव्हतं, पण तिला उलट्या होऊ लागल्या आणि ती दोन-दोनदा तेच विचारू लागली. भर दुपारची वेळ. खूणवाल्यानं तिला खुर्चीत बसवलं. फरशी पुसून घेतली, म्हणजे पुन्हा कोणी घसरायला नको. धुतलेला शर्ट घातला, आरशासमोर उभा राहून केस विंचरले, खिडक्या लावल्या, आणि मग गाडी बघायला खाली उतरला. हॉस्पिटलात पोचेपर्यंत ती बोलायची थांबली होती. मुलगी कामावरून धावत आली तेव्हा बाप स्वतःच काढलेल्या खुणेसमोर बाकावर हात गुडघ्यांवर ठेवून बसला होता.

"भांग पाडायला वेळ होता तुम्हाला," मुलगी म्हणाली.

"घाई करून काय होतं?" खूणवाला म्हणाला. चिडून नाही, खरंच विचारल्यासारखं.

हे स्टोअरवाल्यानं स्वतःच्या कानांनी ऐकलं. तो चादरी द्यायला वर गेला होता. त्या दिवसापासून मुलगी वेगळी राहू लागली, आणि बापाशी बोलणं तिनं जवळजवळ टाकलंच.

सात वर्षांनी एके दिवशी तीच मुलगी स्टोअरच्या खिडकीशी येऊन उभी राहिली. ती चष्म्याच्या दुकानात भिंगं घासायची. बोटांच्या टोकांवर पांढरी पूड होती.

"बाबांची खूण तपासणारे तुम्हीच ना?"

स्टोअरवाला खिडकीपासून मागे सरकला. "हो. का? काही झालं का?"

"मला झालंय. पोटात गाठ आहे. सोमवारी ऑपरेशन. डॉक्टर म्हणतात, उघडून बघितल्याशिवाय सांगता येणार नाही." ती बोटं रुमालाला पुसत राहिली. "बाबांना एक निरोप द्याल? आईच्या वेळी बसले तसे बसणार असतील तर येऊ नका म्हणावं. मला नाही बघवणार. माझ्यासाठी घाबरणार असतील तर या."

"तुम्हीच सांगा ना. मी परका माणूस..."

"मी सांगितलं तर ते ‘बरं’ म्हणतील. त्यांचं ते ‘बरं’ मला ऐकायचं नाहीये."

स्टोअरवाल्यानं तो निरोप दोन दिवस पोटात ठेवला. जेवण जाईना. "कोणाची तरी मुलगी, कोणाचा तरी बाप, आणि वजन तुमचं उतरतंय," बायको म्हणाली, "जा, सांगून मोकळे व्हा." शेवटी शनिवारी तो पत्ता विचारत खूणवाल्याच्या घरी गेला. दोन खोल्या होत्या. भिंती कोऱ्या पांढऱ्या. एक साधं चित्रसुद्धा नाही. खूणवाल्यानं निरोप नीट ऐकून घेतला.

"बरोबर आहे तिचं," तो म्हणाला.  "मला कळतं हो सगळं. ती मरू शकते हे कळतं. ती गेली तर माझं कोणी नाही, तेही कळतं. पण ते असं कळतं, जसं उद्या रविवार आहे हे कळतं." त्यानं वर पाहिलं. "तुमच्या स्टोअरात धास्तीचा नमुना आहे ना?"

होता. फार पूर्वी बॉयलरच्या खोलीत धास्तीची खूण काढत, पाळीवरच्या माणसांना डुलकी लागू नये म्हणून. पुढे त्यातल्या एकानं ती लागताना पाहिली. तो घरी गेल्यावरही खुर्चीला पाठ टेकेना, दारं उघडी टाकून बसायला लागला, तेव्हा ती बंद झाली. नमुन्याचा कागद सर्वांत खालच्या खणात लाखेची मोहर लावून ठेवला होता.

"अहो, काहीतरीच काय! मोहर फुटली तर मी वर काय सांगू?" स्टोअरवाला उठूनच उभा राहिला.

"सांगू नका."

"तुम्हाला काय जातंय म्हणायला! तुम्हाला भीती नाही!"

"तेच तर म्हणतोय मी," खूणवाला म्हणाला.

 रविवारी दुपारी स्टोअरवाल्यानं स्टोअर उघडलं, दार आतून लावून घेतलं, आणि मोहर फोडली. खूणवाल्यानं कपाटाच्या दाराची आतली बाजू निवडली. आठ रेघा झाल्या तेव्हा तो म्हणाला, "तोंड फिरवा. मी बघत ओढणार." स्टोअरवाला उशांच्या ढिगाकडे तोंड करून उभा राहिला. मागे ब्रशचा एक लांब आवाज झाला.

"या. बघा आता."

स्टोअरवाल्यानं बघितलं. पुढचं त्याला नीट आठवत नाही. छत खाली येतंय असं वाटलं. बायको रस्ता ओलांडताना दिसली. आपण कुठेतरी काहीतरी उघडं टाकून आलोय, आणि त्यामुळे कोणीतरी मेलंय, आणि ते सगळ्यांना ठाऊक आहे, असं वाटलं. तो दाराकडे धावला आणि चादरींच्या गठ्ठ्यावर आडवा झाला. तो सावरला तेव्हा खूणवाला त्याच्या तोंडाशी पाण्याचा पेला धरून बसला होता. कपाटाचं दार टर्पेंटाइननं स्वच्छ पुसून झालं होतं.

"लागली म्हणायची," खूणवाला म्हणाला.

"तुम्हाला?" स्टोअरवाल्याचे दात वाजत होते. "तुम्हाला काय झालं?"

खूणवाल्यानं थोडा विचार केला. "रेघ जरा जाड आली."

दोघं तिथेच फरशीवर बसून राहिले. बाहेर कोणीतरी ट्रॉली ढकलत गेलं. स्टोअरवाल्याला या माणसाची कीव आली. स्वतःचे दात वाजत असताना दुसऱ्याची कीव येण्याचा तो पहिलाच प्रसंग असेल.

"घाबरलेला माणूस करतो काय?" खूणवाल्यानं विचारलं. "मला सांगा. वाटणार नाही ते नाही. निदान तिला दिसेल तरी."

जन्मभर ज्या गोष्टीसाठी लोक स्टोअरवाल्याला हसत आले, ती आज कोणीतरी त्याच्याकडून शिकायला मागत होतं. तो सांगत गेला. पोटात गोळा येतो.

"कुठे नक्की?"

"इथे. बेंबीच्या वर. मग माणूस वाकतो थोडा."

खूणवाला थोडा वाकला.

"इतकं नाही. तुम्ही तर काहीतरी पडलेलं शोधताय असं वाटतंय. आणि एका जागी बसायचं नाही. बसलं की उठायचं. जी दिसेल त्या नर्सला विचारायचं, किती वेळ लागेल. तिनं सांगितलं तरी परत विचारायचं."

"सांगितल्यावर परत कशाला?"

"ऐकू येत नाही हो! कान बंद होतात."

"असं," खूणवाला म्हणाला, आणि खिशातल्या कागदावर त्यानं ते लिहून घेतलं.

सोमवारी सकाळी तो आला तो केस न विंचरता. शर्टाचं वरचं बटण खालच्या काजात. व्हरांड्यात तो चार पावलं जाऊन परत येत होता, आणि दर वळणावर स्टोअरवाल्याकडे बघत होता, बरोबर चाललंय ना म्हणून. नर्सला त्यानं तीनदा विचारलं.

"अहो काका, आत्ताच तर सांगितलं! अजून आतसुद्धा नेलेलं नाही तिला!"

खूणवाल्यानं मान डोलावली आणि चौथ्यांदा विचारलं. स्टोअरवाल्याला हसू यायला हवं होतं, पण डोळ्यांत पाणी आलं.

मग स्ट्रेचर आलं. मुलीनं बापाला बघितलं. केस बघितले, बटणं बघितली, वाकलेली पाठ बघितली. स्ट्रेचर ढकलणाऱ्याला तिनं हातानं थांबवलं.

"बाबा, भीती वाटतेय तुम्हाला?"

तिच्या उशामागे स्टोअरवाला जीव तोडून मान हलवत होता: हो म्हणा, हो म्हणा.

खूणवाला सरळ उभा राहिला. "नाही," तो म्हणाला. "प्रयत्न केला खूप. ह्यांनी शिकवलंसुद्धा. नाही जमलं."

मुलगी छताकडे बघत राहिली. "आईच्या वेळी केला होता प्रयत्न?"

"तेव्हा करायला हवा हेसुद्धा कळलं नव्हतं."

स्ट्रेचरवाला चुळबुळला. आतून कोणीतरी हाक मारली.

"यापुढे ती शेवटची रेघ मान वळवून ओढायची," मुलगी म्हणाली. "बघून ओढता ते ठाऊक आहे मला. आहे ते तरी शिल्लक ठेवा."

"वाकडी येईल गं."

"येऊ दे. कबूल करा."

"बरं."

ते ‘बरं’ ऐकून तिनं डोळे मिटले. पण म्हणाली, "बसा मग इथेच. मी बाहेर येईन तेव्हा दिसायला हवात."

खूणवाला साडेतीन तास तसाच बसला. हात गुडघ्यांवर, नजर दारावर. स्टोअरवाल्यानं व्हरांड्याच्या टोकाला, खूण दिसणार नाही अशी जागा धरली. कोणीतरी एकानं घाबरायला हवं होतं, आणि ते त्याला येत होतं. त्यानं नखं कुरतडली, दोनदा ओकारी दाबली, घड्याळाकडे बघून बघून मान अवघडली. दार उघडलं आणि डॉक्टर म्हणाले की गाठ साधी होती, सगळी निघाली, तेव्हा भिंतीला टेकून रडला तो स्टोअरवाला. खूणवाला उठून उभा राहिला आणि डॉक्टरांचे आभार मानून म्हणाला, "तुम्ही आता जरा बसा. दमला असाल."

मुलगी बरी झाली आणि आपल्या घरी गेली. बाप तिच्याकडे जायचा की नाही, गेला तर काय बोलायचा, स्टोअरवाल्याला माहीत नाही. एकदा खूणवाल्याच्या डोळ्यांवर नवा चष्मा दिसला. तेवढंच.

पुढच्या वेळी खूण काढताना त्यानं मान वळवली. रेघ खाली ओघळल्यासारखी वाकडी आली. खाली उतरून त्यानं ती पाहिली आणि त्याचा चेहरा पडला. इतक्या वर्षांत स्टोअरवाल्यानं त्या चेहऱ्यावर पाहिलेली ती पहिली अस्वस्थता.

"लागली?"

स्टोअरवाला समोर उभा होता. धीर आला होता, आणि त्याबरोबर डोक्यात ओली गोधडी पसरावी तसं काहीतरी. वाकडी आली म्हणायचं त्याच्या जिवावर आलं. "लागली," तो म्हणाला.

दोघं जिना उतरून स्टोअरपाशी आले. पाच-सात मिनिटांचा रस्ता. खूणवाला त्याच संध्याकाळी गेला, खुर्चीत बसल्या बसल्या. हृदय बंद पडलं. त्यानं कोणाला हाक मारली नाही, कारण हाक मारावी असं त्याला वाटलंच नसणार.

चौथ्या दिवशी मुलगी खिडकीशी आली. "शेवटचं तुमच्याशीच बोलले असतील," ती म्हणाली. "काय म्हणाले?"

"रंगाच्या डब्याबद्दल बोलले," स्टोअरवाल्यानं सांगितलं. ते खोटं नव्हतं. पण सगळं सांगायचा धीर त्याला झाला नाही. एरवी एखाद्याला शिंक आली तरी डॉक्टरला बोलावणारा माणूस तो. पण त्या दिवशी खुणेसमोरून आला होता, आणि डोकं जड होतं. खूणवाल्यानं डबा खिडकीवर ठेवला, शिडी भिंतीला लावली, आणि डाव्या हाताची मूठ दोन-तीनदा उघडून मिटून पाहिली.

"झाकण घट्ट लावा. रंग वाळतो."

"लावतो."

"सकाळपासून हा हात भरून आलाय. शिडी जड लागली आज."

"जुनी आहे शिडी," स्टोअरवाला म्हणाला.

"हं. बरं, येतो."

"या."